रूबेन हॅस्लमचा खांदा

क्लेगवर्थच्या रग्बी क्लबात चाचणी द्यायला पोरं यायची ती मित्रांच्या घोळक्यात, नाहीतर बापाबरोबर. रूबेन हॅस्लम आला तो आईबरोबर.

महायुद्ध संपून काही वर्षं झाली होती. सप्टेंबरातली ओली संध्याकाळ, मैदानावर गिरणीच्या धुराचा वास. फाटकातून आधी हॅना हॅस्लम आत आली. मागखात्यातली विणकर बाई. डोक्याला रुमाल, हातात पिशवी, पायात लाकडी तळाचे बूट. तिच्या मागून मान तिरकी करून एक अवाढव्य तरुण आत शिरला. पर्सी ऑगडेन तेव्हा बुटाची नाडी बांधत बसला होता. त्याने वर पाहिलं आणि नाडी हातातच राहिली.

पर्सी संघाचा हुकर होता. शनिवारच्या सामन्याचे क्लब पैसे देई, पण तेवढ्यावर कोणाचीच चूल पेटत नसे, म्हणून आठवडाभर ज्याचा त्याचा धंदा. पर्सीचं बाजारात सलून होतं. शनिवारी सकाळी तो लोकांचे कान सांभाळून केस कापायचा आणि दुपारी स्वतःचे कान सोलवून घ्यायचा. अंगाने किडकिडीत, जिभेने मात्र सहा जणांना पुरून उरेल असा.

चाचणी सुरू झाली. प्रशिक्षक टॅटर्सल कडेने ओरडत होता. नवा गडी पहिल्याच धडकेत एकाला कमरेत धरून खाली घेऊन गेला. शिट्टी वाजली. गडी उठेना. खालचा माणूस चिखलात हातपाय झाडतोय, आणि हा त्याला बाळाला कवटाळावं तसा कवटाळून बसलेला.

"अरे ए! शिट्टी ऐकली नाहीस? सोड त्याला!" टॅटर्सल किंचाळला.

कुंपणापाशी उभी असलेली हॅना शांतपणे म्हणाली, "उगाच घसा कशाला फोडताय? बहिरा आहे तो. समोर जा आणि नीट तोंड उघडून बोला, सगळं कळतं त्याला."

"बहिरा? आणि हे तुम्ही आत्ता सांगताय, बाई?"

"आधी सांगितलं असतं तर फाटकातून आत घेतलं असतंत का?"

पर्सी खो खो हसला, आणि त्या हसण्याची शिक्षा म्हणूनच की काय, टॅटर्सलने त्याला म्हटलं, "हसतोस काय? घे त्याला तुझ्या बाजूला. स्क्रममध्ये बघू."

स्क्रममध्ये दोन्हीकडची सहा-सहा माणसं डोकी खाली घालून एकमेकांत अडकतात, रेटा देतात, मधल्या बोळात चेंडू टाकला जातो, आणि हुकर तो पायाने मागे ओढतो. ओढताना त्याचे दोन्ही हात दोन बाजूंना आधार देणाऱ्या गड्यांच्या, म्हणजे प्रॉपच्या, खांद्यांवर असतात. तो जवळजवळ लोंबकळतच असतो. प्रॉप ढिला निघाला तर हुकरच्या मानेचं काय होईल ते सांगता येत नाही. पर्सीने आजवर पुष्कळ खांद्यांवर हात टाकले होते. कोणी घाबरला की ते आधी खांद्यात कळतं, तोंडावर मागाहून दिसतं, असं तो म्हणायचा. त्या संध्याकाळी त्याने डावा हात रूबेनच्या खांद्यावर टाकला, समोरून सहा माणसांचा धक्का आला, आणि पर्सीला वाटलं आपण दगडी पुलाच्या कठड्याला टेकलो आहोत. फक्त तो कठडा उबदार होता आणि श्वास घेत होता.

"ह्याला घ्या," वर येताच पर्सी टॅटर्सलला म्हणाला. "घेतला नाहीत तर मी उद्यापासून फक्त केस कापीन."

रूबेन चार वर्षांचा असताना तापात त्याचे कान गेले होते. दुसऱ्या गावात त्याचं काय झालं असतं कोण जाणे. पण क्लेगवर्थ कापडाचं गाव. शेकडो मागांच्या खडखडाटात आवाज कोणाचाच पोचत नाही, म्हणून तिथल्या बायका पिढ्यान्‌पिढ्या ओठांनीच बोलत आलेल्या. भोंगा झाल्यावर बाहेर आल्या तरी ती सवय सुटायची नाही. रस्त्याच्या त्या कडेची बाई ह्या कडेच्या बाईला नवऱ्याचं काहीबाही सांगतेय, आणि मधून चाललेल्या नवऱ्याला पत्ता नाही, हे रोजचंच. अशा गावात बहिरं मूल म्हणजे फार मोठं काही नव्हतं. अर्धं गाव रूबेनशी बोलू शकत होतं. त्याचा आवाजही शाबूत होता, जाड आणि थोडा सपाट. पण रूबेन तो क्वचित वापरायचा. गिरणीच्या गोदामात कापसाच्या गासड्या उचलायचं त्याचं काम. तिथे बोलायला लागतंय काय?

पहिलं वर्ष शिट्टीनेच खाल्लं. शिट्टी वाजून सगळे थांबले तरी रूबेन आपला माणसं पाडतोच आहे. पंच दंड देई, समोरचे प्रेक्षक बोंब मारत. मग पर्सीने ठरवलं, आपण ह्याच्या आसपासच राहायचं आणि शिट्टी झाली की पाठीवर थाप मारायची. स्क्रममध्ये तर हात खांद्यावरच असे. बोट टेकवलं की चेंडू आत येतोय. मूठ आवळली की रेट. सपाट पंजा ठेवला की थांब, जागचा हलू नकोस. दोघांची ती भाषा कोणाला दिसत नव्हती, समजत नव्हती.

दुसऱ्या वर्षी पर्सीच्या लक्षात आलं की आता थाप मारायची गरजच उरलेली नाही. शिट्टी होते आणि रूबेन त्याच क्षणी थांबतो. त्याने विचारलं, "काय रे, कान आले की काय?"

"शिट्टी झाली की माणसांचे खांदे पडतात," रूबेन म्हणाला. "सगळ्यांचे एकदम. तुला दिसत नाही?"

पर्सी त्यानंतर कित्येक सामन्यांत ते बघायचा प्रयत्न करत राहिला. त्याला कधी दिसलं नाही.

आणि ओठ तर रूबेन मैदानाच्या दुसऱ्या टोकावरून वाचायचा. समोरचा संघ डोकी एकत्र करून पुढची चाल ठरवतोय, तोवर हा जाऊन बरोबर त्या जागी उभा. चेंडू घेऊन येणाऱ्याला वाटायचं, हा राक्षस जमिनीतून उगवला. त्यातूनही एखादी चाल वाचायची राहिली, तर स्टँडमध्ये हॅना आणि तिच्या मागखात्यातल्या मैत्रिणी बसलेल्या असायच्याच. हॅना नुसते ओठ हलवायची, 'उजवीकडून, लांब पास,' आणि रूबेन उजवीकडे. "एकाच संघाला दोन-दोन प्रशिक्षक, हे नियमात बसतं का?" असं एका पाहुण्या कप्तानाने पंचाला विचारलं होतं. पंच म्हणाला, "कुठे आहे दुसरा? मला तर कोणाचा आवाज आला नाही."

ह्या सगळ्याचा सर्वांत जास्त ताप झाला तो नॉर्मन मर्गट्रॉइडला.

मर्गट्रॉइड डोंगरापलीकडच्या ब्रॅकनथॉर्पचा. यॉर्कशायरचा खाणकामगार, मान आणि डोकं एकाच मापाचं. दर हंगामात दोनदा तो आणि रूबेन समोरासमोर यायचे, कपाळाला कपाळ, कानाला कान. आठ-नऊ वर्षं त्यांनी एकमेकांना जे कुटलं त्याला तोड नव्हती. नाकं फुटली, बरगड्या गेल्या, एकदा मर्गट्रॉइडचे दोन दात रूबेनच्या भुवईत निघाले. सामना संपला की दोघं हात मिळवत, पण मर्गट्रॉइड तेव्हाही गुरगुरतच असे. त्याची तक्रार एकच होती: शिव्या द्याव्यात तर ह्याला ऐकू येत नाही, आणि मनातल्या मनात पुटपुटाव्यात तर हा मेला वाचतो!

मग एका हंगामाला मर्गट्रॉइड मिशी वाढवून आला. साधीसुधी नव्हे, तळहाताएवढी, खालचा ओठही झाकणारी. पर्सी ती बघून हसत हसत गुडघ्यावर बसला.

"नॉर्मन, हे काय तोंडाला? भिंती रंगवायचा ब्रश?"

"तुझ्या त्या ढेपेला सांग," मिशीच्या आतून आवाज आला, "आता वाच म्हणावं!"

रूबेनने नीट निरखून पाहिलं. मग पर्सीकडे वळून म्हणाला, "काय म्हणतोय? काहीच कळत नाही." आणि मर्गट्रॉइडच्या डोळ्यांत जो आनंद उतरला, तो ब्रॅकनथॉर्पने तो सामना हरल्यावरही गेला नाही.

ब्रॅकनथॉर्पचे प्रेक्षक मात्र वाईट. "बहिऱ्या! ए ठोंब्या! घरी जा, आई शोधतेय!" असं सुरू व्हायचं ते शेवटपर्यंत. पर्सीचं रक्त उकळायचं. रूबेन त्यांच्याकडे बघून हलकेच मान डोलवायचा.

"काय म्हणतायत ते?" त्याने एकदा विचारलं.

"म्हणतायत, बरा खेळतोस," पर्सी म्हणाला.

रूबेन हसला. "पर्सी, मला त्यांची तोंडं दिसतात की रे."

त्याच्यापुढे पर्सीला तेव्हा फार लहान झाल्यासारखं वाटलं. हा माणूस दर वेळी सगळं वाचत होता. एक शब्द सुटत नव्हता. आणि मान डोलवत होता.

कपच्या उपांत्य सामन्यात रूबेनने जे केलं ते तर गावात म्हाताऱ्या बायकाही हातवारे करून सांगत. मैदानाचा नुसता रबडा झालेला. शेवटी शेवटी चेंडू रूबेनकडे आला. एकाने पाय धरले, दुसरा कमरेला लटकला, तिसरा पाठीवर चढला. रूबेन पडला नाही. चिखलातून बैलाने नांगर ओढावा तसा तो ती तिन्ही माणसं घेऊन पुढे सरकत राहिला, सावकाश, आणि गोलरेषेपलीकडे जाऊन गुडघे टेकून चेंडू जमिनीवर ठेवला. फेकला नाही, ठेवला. जणू कोणाचं भांडं परत करतोय. क्लेगवर्थ अंतिम सामन्यात हरलं, पण त्या हरण्याचं कोणाला फारसं आठवत नाही.

परगण्याच्या संघासाठी त्याचं नाव निघालं होतं. निवड समितीचे दोन गृहस्थ सामना बघायला आले. संपल्यावर एकाने रूबेनला मागून हाक मारली, दोनदा. रूबेन बूट काढत होता. गृहस्थ निघून गेले. पोरगा गर्विष्ठ आहे, आणि बहिरा असेल तर मग विषयच संपला, असं कळवलं म्हणे त्यांनी. पर्सी आठवडाभर सलूनमध्ये त्या दोघांची सालटी काढत होता. हॅना एवढंच म्हणाली, "मागून हाक मारणाऱ्यांकडे माझा मुलगा जाऊन तरी काय करणार होता?"

ज्या गोष्टीसाठी हे सगळं सांगायचं, ती घडली फेब्रुवारीत. घरचं मैदान, समोर ब्रॅकनथॉर्प. सकाळी बर्फ वितळून गेलेला, वरचा थर लोण्यासारखा, खाली जमीन दगड. रूबेन तेव्हा तिशी ओलांडलेला, मर्गट्रॉइड त्याहून थोडा मोठा. दोघांनाही आता उठायला वेळ लागायचा.

मध्यंतरानंतर स्क्रम लागला. पर्सीने हात टाकले, बोट टेकवलं, मूठ आवळली. रेटा आला. आणि मर्गट्रॉइडचा पाय सरकला.

तो पुढच्या पुढे खाली गेला. मागून त्याच्याच माणसांचा रेटा सुरू. त्यांना काय माहीत? डोकं छातीकडे दुमडलं आणि खांदे त्यावर येऊ लागले. पर्सीचं तोंड त्याच बाजूला होतं. त्याला मर्गट्रॉइडची मान दिसली, मानेचा भलताच कोन दिसला, आणि एक बारीक आवाज आला, वाळकी काटकी मोडावी तसा. तो आवाज पर्सीने ऐकला. रूबेनने ऐकलाच नव्हता. पण त्याचा गाल मर्गट्रॉइडच्या कानाला चिकटलेला होता, आणि पर्सीच्या अगोदर त्याला कळलं.

रूबेनने एक गुडघा चिखलात टेकला. उजवा हात मर्गट्रॉइडच्या छातीखाली घातला, पंजा त्याच्या मानेमागे नेला, त्याचं डोकं स्वतःच्या गळ्याशी घट्ट दाबून धरलं. आणि वरचं सगळं ओझं पाठीवर घेतलं. सगळं म्हणजे दोन्हीकडचं. कोसळणारा स्क्रम एका माणसाच्या पाठीवर येऊन थांबला.

शिट्टी झाली. शिट्टी झाली की माणसं आपोआप सुटी होतात, ओढाओढ करून बाहेर पडतात. तेवढीच ओढ त्या मानेला पुरली असती. आणि तेव्हा पर्सीने रूबेनचा आवाज ऐकला. मैदानावर तो आवाज एवढा मोठा कधी कोणी ऐकला नव्हता. तळघरातून यावा तसा, जाड, सपाट.

"हलू नका!"

दोन्ही संघांची माणसं जागच्या जागी गोठली.

"मान," रूबेन म्हणाला. त्याला पर्सीचं तोंड दिसत नव्हतं, काहीच दिसत नव्हतं. पर्सीने सपाट पंजा त्याच्या पाठीवर ठेवला. थांब. मी सांगतो. आणि मग बडबड्या पर्सीने आयुष्यातलं सर्वांत मोजकं बोलणं केलं. "मागचे, तुम्ही आधी. एकेक. ओढू नका, हात सोडा आणि मागे व्हा. तू. आता तू. एडी, सावकाश, तुझं कोपर त्याच्या अंगावर आहे."

एकेक माणूस सुटत गेला. स्टँडमधून हुर्यो सुरू झाली होती. लोकांना वाटलं, वेळ काढतायत. "झोपलात काय रे! अंथरूण आणू का?" खालच्या बाजूने शिट्ट्या, टाळ्या. पर्सी शेवटी स्वतः सुटला. पंजा रूबेनच्या पाठीवर तसाच ठेवून त्याने मान वर केली आणि स्टँडमध्ये हॅनाला शोधलं. ती उभी होती. पर्सीने आवाज न करता ओठ हलवले: 'मान मोडलीय. मर्गट्रॉइडची. रूबेनने धरलीय.'

हॅना शेजारणीकडे वळली. तिने तिच्या शेजारणीला. बायका एकामागून एक उभ्या राहिल्या आणि पुरुषांच्या दंडांना धरून त्यांना गप्प करू लागल्या. मधून सुरू झालेली शांतता दोन्ही टोकांना पसरत गेली, आणि थोड्या वेळाने हजारो माणसांच्या त्या मैदानावर फक्त दूर कालव्यावरच्या बदकांचा आवाज येत होता. ब्रॅकनथॉर्पच्या लोकांनी टोप्या काढल्या.

स्क्रममधली आता दोनच माणसं अडकलेली उरली होती. रूबेन एका गुडघ्यावर, मर्गट्रॉइड त्याच्या छातीवर. स्ट्रेचर मऊ कापडाचं, त्यावर मान हलेल, म्हणून क्लबच्या डॉक्टरांनी कपडे बदलायच्या खोलीचं दार बिजागरीवरून उखडून आणायला लावलं. तोवर रूबेन तसाच. ओझं गेलं होतं, पण तो हात! अडीचशे पौंडांच्या माणसाला त्या वेड्यावाकड्या कोनात उचलून धरलेला तो उजवा हात खांद्यापासून थरथरू लागला होता. थरथर कोपरापर्यंत येई आणि तिथेच मरे. पंजा स्थिर होता. पर्सी शेजारी चिखलात बसून ते बघत होता. खांद्याच्या आत काहीतरी एकेक धागा तुटावा तसं तुटत होतं, कातडीखाली दिसत होतं. पंजा हलला नाही.

किती वेळ गेला? पर्सीला पुढे कोणी विचारलं की तो दर वेळी वेगळं सांगायचा, आणि दर वेळी ते त्याला खरं वाटायचं.

दार आलं. डॉक्टरांनी मर्गट्रॉइडच्या डोक्याच्या दोन्ही बाजूंना हात लावले आणि रूबेनच्या तोंडासमोर वाकून म्हणाले, "आता मी धरलंय. सोडा."

रूबेनने त्यांचे ओठ वाचले. मग पर्सीकडे पाहिलं. पर्सीने मान हलवली, तेव्हाच त्याने पंजा उघडला. तो हात खाली आला आणि पोत्यासारखा लोंबत राहिला. माणसं दार उचलून निघाली. कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. चर्चमध्ये कोणी टाळ्या वाजवत नाही.

मणक्याला तडा गेला होता, पण आतली मज्जारज्जूची दोरी शाबूत होती. "केसभर इकडेतिकडे झालं असतं," इस्पितळातले मोठे डॉक्टर म्हणाले, "तर हा माणूस मानेखाली लुळा पडला असता. धरलं कोणी होतं?"

"गोदामातल्या एका हमालाने," पर्सी म्हणाला.

डॉक्टर म्हणाले, "त्याला भेटायला आवडेल मला."

"भेटलात की. काल तुम्हीच त्याचा खांदा बघितलात. पुन्हा खेळता येणार नाही म्हणालात."

काही आठवड्यांनी रूबेन आणि पर्सी मर्गट्रॉइडला बघायला गेले. प्लास्टरने तो छातीपासून हनुवटीपर्यंत चिणलेला, छताकडे तोंड करून पडलेला. रूबेनचा हात गळ्यातल्या झोळीत. तो खाटेवर वाकला तेव्हा मर्गट्रॉइडला दिसला. मर्गट्रॉइड बोलू लागला. मिशी हलली. रूबेन बघत राहिला. मर्गट्रॉइड पुन्हा बोलला, मग पुन्हा, डोळ्यांत पाणी. रूबेनने खांदे उडवायला जावं तर उजवा उडेना.

"ऑगडेन," मर्गट्रॉइड शेवटी म्हणाला, "वस्तरा आणलायस का?"

"न्हावी सुट्टीला गेला तरी वस्तरा बरोबर असतोच."

"काढ ही घाण."

पर्सीने नर्सकडून गरम पाणी मागवलं, साबण फेसला आणि मिशी उतरवली. एवढी वर्षं ऊन न लागलेला पांढरा ओठ उघडा पडला. मर्गट्रॉइडने काय सांगितलं ते पर्सीने पाहिलं नाही; तो मुद्दाम खिडकीपाशी जाऊन वस्तरा पुसत बसला. आवाज नव्हताच. नुसते ओठ. बरंच लांबलं. मागे वळला तेव्हा दोघंही हसत होते आणि रूबेन नाक पुसत होता.

डॉक्टरांनी नाही म्हटलं तरी रूबेनने पुढच्या हंगामात एकदा खेळून पाहिलं. पहिल्याच स्क्रममध्ये पर्सीने हात टाकला आणि त्याला कळलं. कठडा होता, पण आत पोकळ. खांदा जागेवरून निघाला. रूबेन स्वतःच्या पायांनी बाहेर गेला, बूट काढले, घासून पुसून खुंटीला अडकवले. दुसऱ्या दिवशी गिरणीत हजर. गासड्या उचलणं संपलंच होतं. मुकादमाने त्याला कापड तपासायला बसवलं. ठाणामधली चूक तो लांबून हेरायचा, त्यामुळे पुढे तिथलाही तोच मोठा माणूस झाला. हॅनाच्या शेजारी राहणाऱ्या एका विणकर बाईशी त्याने लग्न केलं. दोघं जेवताना बोलायचे तेव्हा घरात फक्त चमच्यांचा आवाज असायचा.

पर्सी आणखी दोन हंगाम दुसऱ्या खांद्यांवर लटकून खेळला. चांगले खांदे होते. मग त्यानेही सोडलं.

उन्हाळ्यात गिरण्या बंद झाल्या की सारं क्लेगवर्थ समुद्रावर जायचं, मोरकॅमला. तिथे मर्गट्रॉइडही बायकोला घेऊन येऊ लागला. खाणीत त्याला आता वर जमिनीवरचं काम होतं; मान वळायची नाही, कोणाकडे बघायचं तर सगळं अंग फिरवावं लागायचं. धक्क्यावरच्या बाकावर तो आणि रूबेन तासन्‌तास बसायचे. मर्गट्रॉइड ओठांनी बोलायला शिकला होता, यॉर्कशायरी थाटात, हेल काढून. रूबेन म्हणायचा, ह्याचे ओठसुद्धा मोठ्याने बोलतात.

एका वर्षी पर्सी त्यांच्यामध्ये बसला होता. समुद्र पार मागे गेलेला, ओल्या वाळूवर ऊन. कित्येक वर्षं त्याच्या मनात होतं ते त्याने त्या दिवशी रूबेनच्या समोर तोंड नेऊन विचारलं. "तेव्हा, धरून बसला होतास तेव्हा, मनात काय चाललं होतं रे?"

रूबेनने खरंच विचार केला. "नाकावर चिखल होता," तो म्हणाला. "फार खाजत होतं."

पर्सी पुढचं ऐकायला थांबला. पुढचं काही नव्हतं. मर्गट्रॉइडला हसू आलं आणि मान न हलवता हसायचं म्हणून तो सगळाच बाकासकट हलू लागला.

"भूक लागली," रूबेन उठून म्हणाला. "मासे आणतो. व्हिनेगर कोणाला नको?"

पर्सी त्याला धक्क्यावरून गर्दीत जाताना बघत राहिला. एक रुंद पाठ, एक खांदा दुसऱ्याहून खाली. कोणीतरी त्याला मागून धक्का दिला, रूबेनने वळून टोपीला हात लावला आणि रांगेत जाऊन उभा राहिला.